तिसऱ्या सीटवरच्या इन्स्पेक्टरबाई

ती. ताईस,

साष्टांग नमस्कार. (कंबर धरलीय, तेव्हा साष्टांग फक्त कागदावर.) तुझा गुडघा काय म्हणतो? भावजींचा खोकला थांबला का? इकडे आम्ही ठणठणीत, माझी शाळेची बसही ठणठणीत. फक्त मागचं दार लाथ घातल्याशिवाय लागत नाही. फोनवर तू मला बोलू देत नाहीस, म्हणून हे पत्र तुझ्या नातीच्या दप्तरातून पाठवतोय. पाकीट तीनदा चिकटवलंय. वीस वर्षं बस चालवून माझं ठाम मत झालंय की मुलांना एखादी गोष्ट समजावणं माझ्या डाव्या हातचा मळ आहे. आता पुढचं वाच.

या वर्षी दुसरीतली एक मुलगी बसमध्ये येऊ लागली. तिला ऑटिझम आहे, असं तिच्या आईने पहिल्याच दिवशी सांगितलं आणि मी जाणत्यासारखी मान डोलावली. (ओ की ठो कळलं नव्हतं.) डावीकडची तिसरी सीट तिची, तिथे दुसरं कुणी बसलेलं चालत नाही. कानांवर जाडजूड हेडफोन, नजर खिडकीबाहेर, आनंद झाला की दोन्ही हात फडफडवते, आणि बस मिनिटभर उशिरा निघाली तर मला तोंडावर सांगते. म्हणून मी तिला इन्स्पेक्टरबाई म्हणतो. पहिल्याच आठवड्यात मी ऐटीत शॉर्टकट मारला, तर रस्ता बदललेला बघून तिने शाळा येईपर्यंत किंचाळून बस डोक्यावर घेतली. झालं! तुझी नात तिच्या हातांची नक्कल करायला लागली, बाकीची खिदळायला लागली, आणि या मुलीला बसमधून काढा असा पालकांचा अर्ज मुख्याध्यापिकाबाईंच्या टेबलावर गेला. सोमवारी त्याचा निकाल आहे. तिची आई कारखान्यात सकाळच्या पाळीला असते. बस गेली तर पोरीची शाळाच गेली.

मग मी मुलांना समजावायचं मनावर घेतलं. पहिलं भाषण सपशेल पडलं. हा काही आजार नाही, एकेकाच्या डोक्याची ठेवण वेगळी असते, असं मी म्हणालो, तर पहिलीतल्या एका चिमुरडीने माझ्या टकलाकडे बोट दाखवून विचारलं, ही पण ठेवणच का? तेव्हा भाषण गुंडाळलं. मंगळवारी इन्स्पेक्टरबाई घरी उतरल्यावर बस मैदानाशेजारी उभी केली. सगळ्यांना स्वेटर उलटे घालायला लावले (शिवण टोचली पाहिजे), रेडिओ दोन स्टेशनांच्या मध्ये खरखरत ठेवला, वायपर चालू, दिव्यांची उघडझाप, बसमधल्या मावशींना शिट्टी वाजवायला सांगितली (मावशी अशा कामाला एका पायावर तयार) आणि वर मुलांना तेराचा पाढा म्हणायला लावला. चौथ्या ओळीपुढे एकही गेलं नाही. तुझी नात कान दाबून सीटखाली शिरली आणि रडवेली होऊन ओरडली, "मामाआजोबा, बंद करा ना!"

मी सगळं बंद केलं आणि एवढंच म्हणालो, की तिला साध्या हॉर्नने असं होतं आणि तिच्याकडे बंद करायचं बटण नाही. तेवढ्यात आवाज ऐकून हवालदार दारात हजर! मी लायसन्स चाचपतोय तोवर तुझ्या नातीने त्यांना ऑटिझम समजावून दिला, माझ्यापेक्षा निम्म्या वेळात.

गुरुवारी रस्ता खोदलेला निघाला, बस वळवावी लागली. पण तुझी नात उठून तिसऱ्या सीटजवळ गेली, तिला हात न लावता उभी राहिली आणि प्रत्येक वळण आधीच सांगत गेली: आता पेट्रोल पंप, आता डावीकडे दवाखाना, मग आपला नेहमीचा रस्ता. बाकीची चिडीचूप. (ताई, बेचाळीस पोरं चिडीचूप!) इन्स्पेक्टरबाईंनी पुढचा दांडा घट्ट धरला, एकदा हुंदका दिला, पण किंचाळल्या नाहीत. उतरताना मला म्हणाल्या, "सहा मिनिटं उशीर." मी सलाम ठोकला. पोरं आत गेल्यावर स्टिअरिंगवर डोकं टेकून थोडा रडलो, तुझ्यापासून काय लपवायचं.

भावजींना नमस्कार.

तुझा धाकटा

ता. क. : त्या अर्जावर नातीची पालक म्हणून पहिली सही तुझी आहे. ती बघून बाकीच्या अकरा जणांनी मुकाट सह्या ठोकल्या. (तुझा दराराच तसा.) सोमवारी साडेदहाच्या आत शाळेत येऊन ती खोड.

आणखी एक : चिडू नकोस, पण तो अर्ज शॉर्टकटच्या दिवशी रागाच्या भरात मीच मावशींकडून लिहवून घेतला होता. 'इतर मुलांच्या हिताच्या दृष्टीने' हे वाक्य तुला फार पटलं होतं म्हणे. माझंच ते. मुख्याध्यापिकाबाईंकडे जाऊन कबूल केलं, तर त्या म्हणाल्या, सह्या पालकांच्या आहेत, तुम्ही कोण मागे घेणार?

शेवटचं : अर्ज कुणी केला, हे तुझी नात मला रोज विचारते आणि मी आरशात बघत गाडी मागे घ्यायला लागतो. सही खोडलीस की आपण दोघं मिळून तिला सांगू. एकट्याने माझ्याने नाही व्हायचं.