सहावं प्रकरण

४ मार्च

पुन्हा दरोडा! ऑडिओबुकं काढणाऱ्या आमच्या कंपनीला माझ्या आवाजात दुसरं काही दिसतच नाही. कित्येक वर्षं मी काचेच्या खोलीत बसून लोकांचे गळे दाबतोय, तिजोऱ्या फोडतोय, प्रेतं विहिरीत ढकलतोय — आणि लोक कानात इअरफोन खुपसून ते ऐकत भाजी चिरतात. शेजारची बाई परवा जिन्यात म्हणाली, 'काल बायकोला विष घातलंत ना, फार छान घातलंत!' आमची ही माझ्या शेजारीच उभी होती.

हे पुस्तक मात्र खरं आहे म्हणे. सुधारलेल्या दरोडेखोराचं आत्मचरित्र. तुरुंगातून सुटला, आता शाळाशाळांतून भाषणं देतो. रेकॉर्डिंग करणारी पोरगी — आम्ही तिला कानसेन म्हणतो, पान उलटल्याचा आवाजही तिला खपत नाही — म्हणाली, 'दादा, खोटे खून पुरे झाले. लोकांना आता खरं रक्त पाहिजे.'

५ मार्च

सुरुवात जोरात. लिहिलंय झकास. स्वतःचीच टर उडवतो, पहिल्या चोरीत स्वतःची चप्पल मागे विसरला ते सांगताना मलाच हसू आवरेना. खरं सांगायचं तर माणूस आवडला. त्याचा 'मी' माझ्या तोंडात अलगद बसला.

७ मार्च

लिहिलं नाही तर काहीतरी फोडीन.

सहावं प्रकरण. घड्याळांचं दुकान. मी आधी वाचून गेलो नव्हतो, तसाच बसलो माईकसमोर. चौकातलं दुकान, समोर औषधवाला, आत मागे दुरुस्तीचं टेबल, टेबलाशी डोळ्याला भिंग लावून बसलेला टकला. 'आम्हाला पाहून टकलू भिंगासकट टेबलाखाली शिरला आणि बोकडासारखा ओरडायला लागला.' मग माल घेऊन हे बाहेर. टकलू मागून धावत आला. 'मी शटर धाडकन खाली ओढलं. त्याचा हात मधे होता हे नंतर कळलं. गाडीत आम्ही पोट धरधरून हसलो.'

टकलू म्हणजे माझे बाबा.

आणि मी काय केलं? थांबलो नाही! 'पोट धरधरून हसलो' हे त्याच मजेत म्हटलं. सवय! काचेपलीकडून कानसेननं अंगठा दाखवला. 'एक नंबर, दादा! काय हसलाय तो!'

माईक बंद केला आणि घरी निघालो.

७ मार्च, नंतर

घरी आलो तर बाबा खिडकीपाशी बसून शर्टाचं बटण लावत होते. डाव्या हातानं. उजवा मांडीवर, मिटलेला. तो उघडत नाही. केसाएवढा स्क्रू चिमट्यात धरून बसवणारा हात होता तो. गावातली बंद पडलेली घड्याळं लोक दुसरीकडे न्यायचेच नाहीत. दरोडा पडला तेव्हा मी कॉलेजात होतो. हॉस्पिटलात गेलो तर बाबा डॉक्टरला विचारत होते, 'कामावर कधी जाता येईल?'

त्यानंतर ते दुकानात गेले नाहीत. त्या रस्त्यानंही नाही. आई गेली तरी त्या दिवसाबद्दल चकार शब्द नाही. पोलिसांना कुणी सापडलं नाही. ज्याला शिव्या द्याव्यात असं एक तोंडसुद्धा आम्हाला मिळालं नाही.

आता मिळालं.

८ मार्च

त्याला सोडणार नाही.

१० मार्च

इतके खून वाचले, कामाचा एकही नाही! पुस्तकातल्या खुन्यांना कसा वेळच वेळ असतो — बागा असतात, बोटी असतात, विषांची माहिती असते. मला एक फ्लॅट, एक बायको आणि संध्याकाळी पाणी गेलेलं.

हिला सांगितलं. ही म्हणाली, 'काम सोडून दे. म्हणावं, जमत नाही.' सोडलं तर दुसरा कोणीतरी वाचेल. ते हसू दुसरा कोणीतरी हसेल. नाही. 'मग पोलिसात जा.' कशाला? दुसऱ्या चोऱ्यांसाठी तुरुंग भोगून आलाय, आता हीसुद्धा स्वतःच छापून सांगतोय, टाळ्या घेतोय! 'बाबांना सांगणार आहेस?' मी चपला शोधायला लागलो. 'बघ हं,' म्हणाली. एवढंच. पण ज्या सुरात म्हणाली तो सूर मला माहीत आहे.

१२ मार्च

आज तो स्टुडिओत आला! प्रस्तावना स्वतःच्या आवाजात देणार म्हणून. मी मनात काळाकभिन्न राक्षस धरून बसलो होतो. आला तो इस्त्रीचा शर्ट, चष्मा, हातात कानसेनसाठी चॉकलेट. लेखकराव! बोलतो इतकं हळू की कानसेनला सारखं 'जरा मोठ्यानं' म्हणावं लागत होतं.

मला बाहेर गाठलं. 'साहेब, तुमच्या आवाजात ऐकलं आणि माझीच मला भीती वाटली.'

मी हसलो. किती छान हसता येतं मला! म्हटलं, 'घरी या ना रविवारी चहाला. आमच्या वडिलांना अशा पुस्तकांची फार आवड.'

'अवश्य येईन,' म्हणाला. पत्ता लिहून घेतला. आडनाव विचारलं नाही.

१४ मार्च

बाबांना एवढंच म्हटलं — उद्या एक लेखक येणार आहेत. 'कसले लेखक?' दरोड्याचे. बाबा म्हणाले, 'निळा शर्ट काढून ठेव.'

ही म्हणाली, 'मी घरातच थांबणार. तुझा भरवसा नाही मला.'

१५ मार्च

सगळं लिहून ठेवतो.

आला. फुलं आणली होती. बाबा खुर्चीत, निळा शर्ट, उजवा हात उशीखाली. 'नमस्कार आजोबा,' म्हणाला. बाबांनी डोक्यापासून पायापर्यंत त्याच्याकडे पाहिलं, मान हलवली. हिनं चहा दिला. इकडचंतिकडचं झालं. मग मी म्हटलं, 'बाबा, यांच्या पुस्तकातलं थोडं वाचून दाखवतो.'

सहावं प्रकरण काढलं आणि वाचलं. त्याच आवाजात, त्याच मजेत. टकलू. भिंग. बोकड. ही स्वयंपाकघराच्या दारात दगड होऊन उभी. शटरपाशी आलो, 'पोट धरधरून हसलो' म्हटलं आणि बाबांच्या हातावरची उशी काढली.

त्यानं कप खाली ठेवला.

'हे... हे तुम्ही?' बाबांना विचारलं त्यानं. हा खुर्चीतून घसरून जमिनीवरच बसला, हात जोडले. 'आजोबा, मला एक सांगायचंय. ते पुस्तकात मी जे —'

'गप्प!' मी ओरडलो. 'पुस्तकभर बोललास ना? आता एक शब्द बोलायचा नाही.'

तो बाबांकडे बघत राहिला. बाबा त्याच्याकडे. मग त्यानं तोंड मिटलं.

मी म्हटलं, 'ऊठ. दारापाशी चल. उजवा हात चौकटीवर ठेव.'

मला वाटलं होतं पळेल, नाहीतर अंगावर येईल. तशी मी तयारी ठेवली होती. पण तो उठला आणि गेला! हात ठेवला चौकटीवर, बोटं आत वळवून, मान खाली. ही किंचाळली, 'अरे काय करतोयस! बाबा, तुम्ही तरी सांगा याला!'

मी बाबांकडे पाहिलं. ते खुर्चीत पुढे सरकून बसले होते. 'नको' म्हणाले नाहीत.

मी दार ओढलं. सगळा जोर लावून.

आवाज पुस्तकात लिहितात तसा नसतो. लहान असतो. ओरडला मात्र तो — बोकडासारखाच ओरडला, आणि मला गोड लागलं. लिहून ठेवतो: गोड लागलं.

हीच त्याला टॉवेल गुंडाळून रिक्षातून डॉक्टरकडे घेऊन गेली. वाऱ्यानं दार लागलं, असं त्यानं स्वतःच डॉक्टरला सांगितलं म्हणे. दोन बोटं मोडली आहेत.

बाबा दोनदा वाढून घेऊन जेवले.

१६ मार्च

झोप कशी लागली! मेल्यासारखी. ही बोलत नाही. माझं ताट टेबलावर आपटलं आणि आत गेली. आपटू दे. तिच्या बापाचा हात नव्हता तो.

१७ मार्च

कानसेनचा फोन. 'दादा, एक गंमत! लेखकानं प्रकाशकाला कळवलंय, सहावं प्रकरण काढून टाका. कारण सांगत नाही. एवढं मस्त झालं होतं हो!'

टरकला! आता ते हसू कुणाच्या कानात पडणार नाही. फोन ठेवला आणि खोलीत एकटाच मूठ आवळून नाचलो, या वयात. बाबांना जाऊन सांगितलं, 'तुमचं नाव काढलं त्यानं पुस्तकातून. घाबरला!' बाबा म्हणाले, 'नाव कुठं होतं?' आणि कूस बदलून झोपले. आनंद दाखवायची सवयच राहिली नाही त्यांना.

१९ मार्च

सकाळी बाबांची दाढी करत होतो. साबण लावून झाला, दोन्ही गाल झाले, तेव्हा आपणहून बोलले.

'हा तो नव्हता.'

'कोण?'

'दुकानातला. तोंड बांधलेलं होतं, पण माझ्या खांद्याला लागत होता फार तर. हा केवढा ताड. यानं पेपरात वाचून लिहिलं असणार. दारातून आला तेव्हाच कळलं मला.'

माझ्या हातातला वस्तरा तसाच राहिला. 'मग बोलला का नाहीत, बाबा? मी दार लावायच्या आधी?'

'इतक्या वर्षांत कुणी आलंच नव्हतं रे. हा आला. म्हटलं, चला, हा तर हा.'

आणि मान वर करून दिली. गळ्यावरची राहिली होती.