दोघंही बारा वर्षांची

९ सप्टेंबर

ती. आत्यास,
भिंगरीचा शि. सा. न. वि. वि.

तुझा चष्मा सापडला का? नसेल तर डोक्यावर बघ, म्हणजे हे पत्र वाचता येईल.

चाचणीत माझं एक गणित चुकलं, असं नव्या बाई म्हणतात. मला नाही पटत. भाऊ बहिणीपेक्षा तीन वर्षांनी मोठा, दोघांच्या वयांची बेरीज एकवीस, तर आणखी तीन वर्षांनी त्यांची वयं किती? मी तू शिकवल्यासारख्या वहीत वयांच्या दोन पट्ट्या काढल्या, धाकटीची आधी. मोठ्याचा जास्तीचा तुकडा बाजूला ठेवला, उरलेल्याचे दोन सारखे भाग केले. बहीण नऊ, भाऊ बारा. म्हणजे मी आणि दादाच! मग तीन वर्षांनी दोघंही बारा, असं लिहिलं. बाईंनी लाल काट मारली. वयातला फरक कधी बदलत नाही, म्हणाल्या. दादा उन्हाळ्यात गेला हे त्यांना माहीत नाही, आणि मी सांगितलंही नाही. आईने पेपर बघितला आणि घडी घालून ठेवून दिला.

आत्या, मला बारा वर्षांची व्हायचंच नाही. त्यानंतर मी त्याच्याहून मोठी होईन. मग त्याला दादा कसं म्हणू?

रागावू नकोस, लोभ ठेव.
तुझी भिंगरी

१७ सप्टेंबर

चि. भिंगरीस,
अनेक आशीर्वाद.

चष्मा डोक्यावरच होता, आगाऊ कुठली! तुझं पत्र मी वर्गात उघडलं, आणि मग मुलांना पाढे लिहायला लावून बराच वेळ खिडकीकडे तोंड करून उभी राहिले. मलाही तो फार आठवतो गं.

बाईंचं बरोबर आहे, पण तुझं चूक म्हणायला माझी जीभ रेटत नाही. दोन्ही पट्ट्या डावीकडून एकाच रेघेवर सुरू करायच्या, हे मीच तुला शिकवलं. तुम्हा दोघांच्या तशा काढू नकोस. दादाची पट्टी डावीकडे सरकव. तो तुझ्याआधी तीन वर्षं तुमच्या घरात होता. तू उद्या म्हातारी झालीस तरी ती तीन वर्षं त्याचीच. म्हणून तो दादाच राहणार. त्या वर्षांत काय काय झालं ते आईला विचार. ती रडेल, तरी विचार.

जेवत जा नीट. माया आहेच.
तुझी आत्या

२८ सप्टेंबर

ती. आत्यास,
शि. सा. न. वि. वि.

आईला विचारलं. दादा गेल्यापासून तिने त्याचं नावच घेतलं नव्हतं. ती भांडी तशीच टाकून ओट्याला टेकून खाली बसली आणि सांगत राहिली. मी पोटात होते तेव्हा दादाने आपल्या उशीला लागून दुसरी उशी मांडून ठेवली होती. रोज झोपताना बाळ आलं का म्हणून विचारायचा. सांगताना आई हसली, मग रडली, मग मीपण.

तू सांगितल्यासारख्या पट्ट्या काढल्या. मधली नऊ वर्षं आमच्या दोघांची. डावीकडे दादा एकटा आहे, पण त्याला माहीत होतं की मी येणार आहे. उजवीकडे मी एकटी आहे, आणि माझ्याकडे कोणीच यायचं नाहीये.

सुट्टी लागली की तू तरी ये.
तुझी भिंगरी