चौथ्या भागाचा शेवट

आये, आपण पाहायचो त्या भयपटांच्या मालिकेवर मी आता महाविद्यालयात व्याख्यानं देतो, हे ऐकून तू हसली असतीस. बाजारातली मासळी संपवून तू दुपारी घरी यायचीस, भाड्याची सीडी लावायचीस, आणि भर उन्हात खिडक्या मिटून आपण दोघं बसायचो. चारही भागांची मांडणी एकच: बुडालेला खलाशी घरी परततो आणि दार वाजवतो. पहिल्या भागात तो दिसतसुद्धा नाही. दिसतं ते फक्त दार, आणि त्याच्या फटीतून आत येणारं पाणी. भीती ही दिसण्यात नसते, वाट पाहण्यात असते, हे या मालिकेने इतकं नेमकं दाखवलं की पुढच्या कितीतरी दिग्दर्शकांनी ते ओलं दार उचललं. चौथा भाग मात्र फसला, असं सगळेच म्हणतात, कारण शेवटी बायको काहीही न तपासता नवऱ्याला घरात घेते. तो जिवंत आहे की मेलेला, हे कळतच नाही. तूही चिडली होतीस. “खुळी मेली! भुताचे पाय उलटे आसतत. आदी पाय बघूक नको?”

त्याच वर्षी दिवाळीनंतर वादळ झालं. सगळ्या होड्या बंदराला लागल्या, बाबांची नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी दार वाजतं. तू उठत नाहीस. मी तुझा पदर घट्ट धरून आहे. पुन्हा वाजतं, तेव्हा तू जाऊन कडी काढतेस. दारात बाबा, ओठ पांढरे पडलेले, अंगावर मीठ सुकलेलं. तू त्यांच्या तोंडाकडेच बघत राहतेस, नजर खाली जाऊ देत नाहीस.

“काय गो, भूत बघल्यासारख्या काय बघतस?”

“काय नाय. भितर येवा. चाय ठेवतंय.”

पाय मी पाहिले. सरळ होते.

चित्रपटातली ती बाई खुळी नव्हती, आये. पाय उलटे निघाले असते तर त्याला परत पाठवावं लागलं असतं. म्हणून तिने पाहिलेच नाहीत. चारही भागांत याहून भयंकर क्षण नाही, हे मी विद्यार्थ्यांना तासभर समजावतो आणि ते वहीत उतरवून घेतात.

हे पत्र कुठे जाणार नाही. तू कधी दारात आलीस तर मीही तुझे पाय पाहणार नाही, असं शेवटी लिहायचं ठरवलं होतं. पण ते खरं नाही. मी पाहीन. मला अजून तेवढीच भीती वाटते.