माजघरातला खिळा

५ नोव्हेंबर, शिरूर कासार
पोचले एकदाची! घर पाहताक्षणी आवडलं. घरचे ऊसतोडीला गेलेत, किल्ली शेजारच्या केसरबाईंकडे. चुलीमागं खरी काजळी, भिंतीला विटलेली नीळ. स्टुडिओत चहाचं पाणी फासून मी जे जुनेपण आणते, ते इथं आयतं आहे. रुद्राणीचा दिग्दर्शक म्हणून पहिलाच सिनेमा. आमची अठरा वर्षांची मैत्री. तिच्यासाठी सेट सजवायचा म्हटल्यावर थकवा कसला!

८ नोव्हेंबर
माजघरात एक रिकामा खिळा आहे. कथेतल्या मयत बायकोचा फोटो, हार घालून, तिथं शोभेल. केसरबाई म्हणाल्या, "लावा की. पर जित्या माणसाचा नगं, बाई. हे घर ठिवून घेतंय." मी हसत रुद्राणीला सांगितलं. ती हसली नाही. वारलेल्या मावशीचा फोटो देते म्हणाली.

१३ नोव्हेंबर
कॅमेरा तिसऱ्यांदा बंद पडला. सुतार सुग्रीव शिडीवरून पडला, हात मोडला. शुक्रवारपर्यंत गाडी रुळावर आली नाही तर निर्माता सिनेमा बंद करणार. रुद्राणी बराच वेळ केसरबाईंपाशी बसली होती. मग मला म्हणाली, परळीहून पितळी भांडी तूच निवडून आण.

१५ नोव्हेंबर
परतले. खिळ्यावर फोटो आहे. माझा. सव्विसाव्या वर्षीचा, हसतानाचा, रुद्राणीनंच काढलेला. वर झेंडूचा ताजा हार.
मावशीचा सापडला नाही म्हणाली, आणि तू कधीपासून असलं मानायला लागलीस? माझ्याकडे न बघता.
आज एकही अडचण आली नाही.

१७ नोव्हेंबर
वस्तू दुसऱ्या दिवशी जागच्या जागी लागाव्यात म्हणून रोज पॅकअपनंतर मी सेटचे फोटो काढते. कालच्या फोटोत खिळ्यावरची मी नुसती हसतेय. आजच्यात तिच्या कानावर पेन्सिल आहे. सकाळी मी खोचली तीच —
चहा सगळ्यांना दिला. मला नाही.

१८ नोव्हेंबर
सुग्रीवला हाक मारली. प्लॅस्टरमधला हात सांभाळत समोरून निघून गेला. खिळ्यावरचा फोटो उतरवायला गेले, तर बोटांना चौकटीचं लाकूड लागतच नाही —
एकट्या केसरबाईंनी माझ्याकडे पाहिलं. रडल्या. त्यांनी रुद्राणीला आधीच सगळं सांगितलं होतं म्हणे. तिनं एवढंच विचारलं होतं : घरानं एकीला ठेवून घेतलं, तर बाकीच्यांना सोडेल का?

१९ नोव्हेंबर
रुद्राणी एकटीच आली. उदबत्ती लावली. माफ कर म्हणाली — फोटोला. मी शेजारी उभी.
चौकट तिरकी झाली होती. तिनं बोटानं सरळ केली.
माझी मान आपोआप सरळ —