आधी किती मेंढ्या होत्या?

हेर्दिस,

शाळेतून आलीस की पातेल्यातला मासा-बटाटा गरम करून खा. तुझ्या बाबांना पुढे घालून मी डोंगराकडे निघालेय. बर्फ सुरू व्हायच्या आत पोचायला हवं.

काल गणितावरून तुझ्यावर ओरडले. शेतकऱ्याने निम्म्या मेंढ्या विकल्या, नऊ नव्या घेतल्या, आता पासष्ट आहेत, तर आधी किती? एवढं सोपं, आणि तू वहीत लिहिलंस, ‘हा शेतकरी मूर्ख आहे. त्याने मोजल्या का नाहीत?’ माझं डोकंच फिरलं. अगं, उलटं जायचं. नऊ वजा कर, मग दुप्पट कर.

सकाळी सिग्वाल्दीकाकांचा फोन आला. वर अजून मेंढ्या फिरतायत, कानांवर आपलीच खूण आहे. आपल्या किती कमी आहेत, असं विचारलं, तर तुझे बाबा आढ्याकडे बघत बसले! सप्टेंबरात कळप खाली आणला, तेव्हा स्वारी कुंपणाला टेकून शेजाऱ्यांबरोबर गाणी म्हणत होती. मोजायचं राहूनच गेलं म्हणे. आता किती शोधायच्या, तेही ठाऊक नाही.

उत्तर एकशे बारा. पण ते शेतकऱ्याबद्दलचं वाक्य खोडू नकोस. आम्ही आलो की बाबांना मोठ्याने वाचून दाखव.

आई