गिझरची जाळी

शुभा,

चूक कबूल करायला मोठं मन लागतं. मला पाना आणि जुना टूथब्रश लागला. गिझरला पाणी येणारी नळी काढली, तर आतली जाळी गाळाने बुजलेली. घासून बसवली, आता गरम पाण्याची धार झकास आहे.

म्हणजे तुझ्या आईंनी बटणं फिरवून काहीच बिघडवलं नव्हतं. काल मी 'कशाला हात लावता?' म्हणून खेकसलो आणि त्या पोहे तसेच टाकून चारकोपला निघून गेल्या. त्यांनाच आणायला चाललोय. तू आधी फोन करू नकोस. 'असू दे गं' म्हणतील आणि येणार नाहीत.

हा गाळ रविवारी सोसायटीची टाकी धुतली तेव्हाचा. टाकी धुतल्यावर प्रत्येकाने गिझरची जाळी साफ करावी, अशी नोटीस लिफ्टपाशी अजून आहे. खाली सेक्रेटरी म्हणून सही माझी आहे.