ड्रायसूटमधली हवा

३ मार्च, मंगळवार
डायव्हिंगच्या कोर्सला नाव घातलं. निवृत्त होऊन आठ महिने झाले, आता शरीराला काम द्यायला हवं. शिवाय माझ्याइतका तयारीचा विद्यार्थी क्लबला मिळणार नाही. एकतीस वर्षं शाळेत भौतिकशास्त्र शिकवलं. तापमान स्थिर ठेवा, वायूवरचा दाब दुप्पट करा, आकारमान निम्मं. डायव्हिंग म्हणजे दुसरं काय? हाच नियम, फक्त ओला.
सोलफ्रिदला सांगितलं. "बरं," म्हणाली आणि विणत राहिली. माझ्या बायकोचा उत्साह असाच शांत असतो.
निश्चय : रोज जिने चढणे. वॉफल बंद. कोर्समध्ये पहिला येणे.

५ मार्च, गुरुवार
पहिला तास. शिकवायला कोण, तर सिव्ह! माझीच विद्यार्थिनी. सोळा वर्षांपूर्वी मी तिला भौतिकशास्त्रात सहापैकी दोन दिले होते, तेही दया येऊन.
तिने फळ्यावर फुगा काढला. पाण्यावर एवढा, दहा मीटरवर निम्मा, वीसवर एक तृतीयांश, तीसवर पाव. मी हात वर केला आणि म्हणालो, तापमान स्थिर असेल तर. ती म्हणाली, "ओड्वार, आपला समुद्र सहा डिग्री आहे. वर पण सहा, खाली पण सहा. फुग्याने काय शाल आणायची?" वर्ग हसला. शिक्षकाने हशा मिळवायचा नसतो, समज द्यायची असते. मी आणखी तीन दुरुस्त्या केल्या. शेवटी ती म्हणाली, "तुम्हीच येता का पुढे?"
गेलो. पस्तीस मिनिटं बोललो. सगळे इतके तल्लीन की कुणी एक प्रश्न विचारला नाही.
विचारला, फक्त यार्लेने. गावात केस कापायचं दुकान आहे त्याचं. "पाण्याखाली पोट पण निम्मं होतं का हो?" समजावलं की वायू दबतो, पाणी जवळजवळ दबत नाही, आणि माणूस म्हणजे बहुतांशी पाणीच. दबतात त्या फक्त आतल्या हवेच्या जागा : कान, सायनस, फुप्फुसं. त्याने वहीत लिहिलं, 'पोट होत नाही.'
बिचारा. याला पाण्यात उतरवणं धोक्याचं आहे.

१२ मार्च, गुरुवार
लेखी परीक्षा. पन्नासपैकी एकोणपन्नास. गेलेला प्रश्न : कान दुखू लागल्यास काय कराल? मी लिहिलं, 'दुखणं ही वैयक्तिक बाब आहे.' उत्तर हवं होतं, 'थोडं वर या.' अपील केलं. सिव्हने अपील फेटाळलं, तेही सँडविच खाता खाता.
यार्लेला एकेचाळीस.

१७ मार्च, मंगळवार
तरणतलाव. तीन मीटरवर उजव्या कानात कुणी सुई खुपसतंय असं वाटलं. हिशोब केला. तीन मीटरवर दाब १.३ पट, म्हणजे कानातली हवा फक्त तेवीस टक्क्यांनी कमी होते. तेवीस टक्क्यांनी इतकं दुखायचं कारण नाही. कान चुकीचा आहे.
सिव्ह म्हणाली, "दुखायच्या आधी नाक दाबून फुंकायचं. दुखल्यावर नाही." मी म्हणालो, दुखत नव्हतंच. "मग डोळ्यांत पाणी कशाचं?" तरणतलावात पाणी कशाचं असणार!
यार्ले तळाशी मांडी घालून बसला होता आणि लोकांना हात हलवत होता.

१९ मार्च, गुरुवार
डॉक्टरकडे गेलो. कान उत्तम आहे म्हणाल्या. "तुम्ही फुंकायला उशीर करता. दुखतंय हे कबूल करायला जेवढा वेळ घेता, तेवढाच उशीर." डॉक्टर बदलायला हवी.
जिने : शून्य. वॉफल : दोन, पण लहान.

११ एप्रिल, शनिवार
समुद्र! धक्क्यापासून सुरुवात. ड्रायसूट घातला. आतून कोरडा राहणारा रबरी अवतार, मानेशी इतका घट्ट की बोलताना आवाज माझ्या आजीसारखा येतो. सिव्हने सांगितलं, खाली जाताना सूटमधली हवा दबते, मग सूट अंगाला आवळतो, तेव्हा छातीवरचं बटण दाबून थोडी हवा आत सोडायची. वर येताना तीच हवा फुगते, ती डाव्या दंडावरच्या व्हॉल्व्हमधून बाहेर गेली पाहिजे. व्हॉल्व्ह कायम उघडा.
मी बटण दाबलं नाही. का दाबू? मी पाणी आहे, पाणी दबत नाही.
आठ मीटर गाठले. तिथे सूटने मला असं काही पिळलं की जन्मलो तेव्हाची आठवण आली. घरी आरशात पाहिलं तर मांड्या, पोट, काखा, सगळीकडे लाल-जांभळे वळ, सूटच्या प्रत्येक घडीचा एक. सोलफ्रिद दारात उभी राहून बघत होती. "कुणी मारलं तुला?" मी म्हणालो, हा नियमाचा पुरावा आहे. ती मलम घेऊन आली.
निश्चय : पुढच्या वेळी हवा भरपूर.

१८ एप्रिल, शनिवार. इस्पितळ
क्रमाने लिहितो, म्हणजे कुणाचा दोष ते स्पष्ट होईल.
सकाळी दहा. धक्क्यावर सोलफ्रिद, थर्मास घेऊन, आणि बघायला आलेली पंधराएक माणसं. पाण्यात जाण्यापूर्वी सिव्हने माझा व्हॉल्व्ह फिरवून पाहिला, उघडा होता. पाच मीटरवर दंडावर थंड पाणी झिरपल्यासारखं वाटलं. माझ्या मते उघड्या व्हॉल्व्हमधूनच. म्हणून तो गच्च बंद केला. साधी सुधारणा. मग बटण दाबलं, मागच्या अनुभवावरून जरा सढळ हाताने. मस्त ऊब आली. अंग गुबगुबीत.
बारा मीटरवर वाळूत पंख्यासारखा एक मोठा शिंपला दिसला. उचलावा म्हणून डोकं खाली केलं.
इथे सूटमधली सगळी हवा पायांत गेली.
पाय वर निघाले. पायांमागे मी. जितका वर तितका दाब कमी, जितका दाब कमी तितकी हवा मोठी, जितकी हवा मोठी तितका मी अजून वेगाने वर. नियम अगदी पुस्तकाप्रमाणे चालला होता, एवढं मला कळत होतं. सिव्हने माझा पाय पकडला आणि मला रोखायच्या प्रयत्नात माझ्याबरोबर ओढली गेली. तिने दुसऱ्या हाताने माझ्या पोटात गुद्दा मारला. एक. दोन. तिसऱ्याला माझ्या तोंडातून बुडबुड्यांचा लोट निघाला.
धक्क्यावरून लोकांना प्रथम दोन बूट दिसले. फुगलेले, वर आलेले, एकमेकांना चिकटून. यार्लेने नंतर सांगितलं की कुणीतरी टाळी वाजवली, त्यांना वाटलं हा कार्यक्रमाचा भाग आहे.
ऑक्सिजन. हेलिकॉप्टर. बर्गेनचं इस्पितळ. तपासण्या. काही झालेलं नाही. सिव्हचा मात्र कानाचा पडदा फाटला.
सोलफ्रिद बसलीय खुर्चीत. थर्मास अजून मांडीवर.
पोट अजून दुखतंय. शिक्षिकेने विद्यार्थ्याला मारणं कुठल्या नियमात बसतं?

२२ एप्रिल, बुधवार
क्लबच्या समितीकडे लेखी तक्रार. सहा पानं, तीन आलेख. मुद्दे : सदोष व्हॉल्व्ह. अपुरं शिक्षण. मारहाण. भाषा संयत ठेवलीय. 'गुद्दा' न लिहिता 'अनाहूत आघात' लिहिलं.
व्हॉल्व्ह मी बंद केला ही तांत्रिक बाब आहे. पान वाढेल म्हणून घातली नाही.

२८ एप्रिल, मंगळवार
समितीचं पत्र आलं. चौकशी होईपर्यंत सिव्हला शिकवायला मनाई. कोर्स थांबवला.
इतकं करा असं मी म्हटलं नव्हतं. पण संस्था तत्पर आहे, हे चांगलं लक्षण.

२ मे, शनिवार
केस वाढलेत म्हणून यार्लेकडे गेलो. दुकान रिकामं होतं. तो दारातच उभा राहिला. म्हणाला, "दुसरीकडे कापा."
मी विचारलं, का?
"कारण इथे मी असतो," म्हणाला. मग, "ती सध्या मासळीच्या कारखान्यात बर्फ फोडतेय. कान बांधून." दार लावलं. दारावरची घंटा बराच वेळ वाजत होती.
न्हावी मंडळी फार भावनाप्रधान.

३ मे, रविवार
एक हिशोब केला. सहज. वेळ होता.
माझी फुप्फुसं सुमारे सहा लिटर. बारा मीटरवर दाब २.२ पट. श्वास रोखून वर आलो तर पृष्ठभागावर तीच हवा तेरा लिटर. सहाच्या जागेत तेरा. फुप्फुस फाटायला त्याच्या कितीतरी कमी पुरतं.
पहिल्याच तासाला सिव्ह म्हणाली होती, काहीही होऊ दे, श्वास रोखायचा नाही. मी तेव्हा 'रोखायचा'ऐवजी 'बंदिस्त करायचा' असा शब्द सुचवला होता.
तीन गुद्दे. साधारण सात लिटर.
हिशोब दोनदा तपासला. बरोबर आहे.

५ मे, मंगळवार. दुपार
उद्या चौकशी. निवेदन तयार, वीस मिनिटांचं. सोलफ्रिदला वाचून दाखवलं. तिने विचारलं, "यात तू कुठे आहेस?" मी म्हणालो, सगळीकडे 'तक्रारदार' असं आहे. ती भांडी घासायला उठली. मशीन असताना.

६ मे, बुधवार
समितीची अध्यक्ष बोर्गनी. सत्तरीची, चाळीस वर्षं समुद्रातल्या तेलविहिरींवर पाणबुड्याचं काम केलेली, पंजा माझ्या दुप्पट. टेबलावर माझ्या मनगटी कॉम्प्युटरमधून काढलेला आलेख. बारा मीटर ते शून्य, अकरा सेकंद. सरळ भिंत.
आधी सिव्ह बोलली. उजव्या कानाला पट्टी. "नंतर सूट हातात आला तेव्हा व्हॉल्व्ह बंद होता. म्हणजे उतरण्यापूर्वी मी नीट पाहिला नसणार. पाहिल्याचं आठवतंय, पण आठवण चुकू शकते. चूक माझी." बसली. माझ्याकडे बघितलंही नाही. शाळेतही उत्तर न आल्यावर अशीच निमूट बसायची.
मी निवेदन उघडलं. वायूचे गुणधर्म, प्रस्तावना. बोर्गनीने हात वर केला. "ओड्वार, थोडक्यात. उतरलात तेव्हा व्हॉल्व्ह उघडा होता की बंद?"
मी म्हणालो, हे आपण 'उघडा' कशाला म्हणतो यावर अवलंबून आहे.
"उघडा की बंद?"
उघडा, म्हणालो.
"मग बंद कुणी केला?"
माझ्याकडे सहा पानं होती आणि एकातही हा प्रश्न नव्हता.
मी, म्हणालो.
"आणि श्वास? सोडत होतात?"
नाही.
"का नाही?"
इथे मला खरंच उत्तर आलं नाही. एकतीस वर्षांत फळ्यासमोर उभं राहून असं कधी झालं नव्हतं. बोर्गनीने पेनचं टोपण लावलं. सिव्ह सोमवारपासून शिकवेल. तक्रारीचं काय करू, तिने विचारलं. मी पानं परत घेतली.
बाहेर सिव्ह सायकलचं कुलूप काढत होती. मी म्हणालो, कानाचं फार वाईट वाटलं. ती दुसरा कान पुढे करून म्हणाली, "काय? या बाजूने बोला." पुन्हा म्हणालो, मोठ्याने. धक्क्यावरच्या सगळ्यांनी ऐकलं. ती म्हणाली, "भरेल सहा आठवड्यांत. पोट कसंय?" बरं आहे, म्हणालो. "जोरात मारलं मी. घाबरले होते ना." आणि गेली.

११ मे, सोमवार
क्लबात जाऊन सूट परत केला. कागदावर 'कारण' असा रकाना होता. 'कान' लिहिलं. मग खोडलं. मग रिकामा ठेवला.
घरी आल्यावर सोलफ्रिद वाळलेले कपडे काढत होती. तिला सांगितलं : मला पाण्याची भीती वाटते. तीन मार्चलाही वाटत होती. आधीही.
ती म्हणाली, "माहीत आहे. लग्न झाल्यापासून बघतेय. न्हाणीघरातला टब भरला तरी तू काठ धरून बसतोस."
मग मला अडवलं का नाहीस, असं विचारलं.
"अडवलं असतं तर तू दोन कोर्स केले असतेस."
मग तिने चादरीचं एक टोक माझ्या हातात दिलं. घडी घातली. माझ्या बाजूची वाकडी आली. तिने ती उलगडली आणि आम्ही पुन्हा घातली.